राशोल सेमिनरी, गोवा: बघायला जात असाल तर नीट वेळ काढा
मडगावपासून जवळच, जुवारीच्या काठी. सेमिनरी म्हणजे कॅथलिक फादर घडवणारी शाळा. १६१० ची वास्तू आहे पण म्युझियम समजून जाऊ नका, आजही इथे फादर घडतायत. त्यामुळे आधी फोन करून परवानगी घ्या, सगळीकडे फिरता येत नाही आणि ते बरोबरच आहे ना. चर्च मात्र सुंदर, शांत. आणि मराठी माणसाने तर जावंच, फादर स्टीफन्सचं क्रिस्तपुराण, म्हणजे मराठी ओव्यांतली ख्रिस्तकथा, १६१६ ला इथेच छापलं गेलं!

मला सगळ्यात भावलं ते इथलं ट्रेनिंग. कॅथलिक चर्चच्या कायद्याने फादर व्हायला तत्त्वज्ञानाची किमान २ आणि ईशज्ञानाची (थिऑलॉजी) ४ वर्षं लागतात, आणि नुसती पुस्तकं नाहीत, स्वभाव, प्रार्थना, लोकांत मिसळणं हे सगळं त्यात धरतात, आणि २०१६ च्या व्हॅटिकनच्या नियमावलीप्रमाणे फादर म्हणून दीक्षा झाली म्हणून शिक्षण संपत नाही, ते मरेपर्यंत चालूच. खरं सांगू, आजारी माणसाच्या उशाशी बसणाऱ्याला एवढी तयारी हवीच, आणि एकट्या राहणाऱ्या म्हाताऱ्या फादरांनाही चर्चची साथ मनापासून मिळायला हवी. पाचपैकी पाच स्टार. अंगभर कपडे घालून जा.