केसरी कार्ड ते धान्याची पिशवी : सेतू केंद्र, पुरवठा शाखा आणि रास्त भाव दुकान यांचा अनुभव

शिधापत्रिका आणि शिधा या दोन वेगळ्या गोष्टी आहेत आणि त्यांच्यासाठी दोन वेगळे अर्ज करावे लागतात. एवढे एक वाक्य पहिल्याच दिवशी सेतू केंद्रात कोणी सांगितले असते, तर सिंधुदुर्गातल्या माझ्या काकीचे तालुक्याचे निदान दोन हेलपाटे वाचले असते. काकीचे वय एकाहत्तर, घरात ती एकटी, दोन्ही मुलगे मुंबईकडे आणि त्यांची नावे तिकडच्या शिधापत्रिकांवर. काकांच्या नावाची जुनी केसरी पत्रिका घरात होती, पण तिच्यावर कित्येक वर्षांत धान्याचा एक दाणा आला नव्हता. गणपती गेल्यावर मी रत्नागिरीहून रजा काढून गेलो आणि धान्य सुरू करून घेण्याचे काम हाती घेतले. पहिली पिशवी घरात आली ती जानेवारीत. या चार महिन्यांत ज्या तीन ठिकाणी आम्ही उभे राहिलो, त्या तिन्ही ठिकाणच्या सेवेविषयी येथे लिहीत आहे. तालुक्याचे आणि केंद्राचे नाव मुद्दाम देत नाही, कारण असाच अनुभव इतर तालुक्यांतल्या नातेवाइकांकडूनही ऐकला आहे.

सुरुवात सेतू केंद्रापासून झाली. तिथला मुलगा बोलायला नम्र होता आणि संगणकावर त्याचा हात झपाट्याने चालत होता, त्यामुळे पहिल्या दिवशी माझे मत चांगलेच झाले. काकांचा मृत्यूचा दाखला, काकीचे आधार कार्ड, बँकेचे पासबुक आणि जुनी पत्रिका घेऊन त्याने काकांचे नाव कमी करण्याचा आणि काकीला कुटुंबप्रमुख करण्याचा अर्ज भरला. अन्न सुरक्षा कायद्याच्या कलम 13 नुसार घरातील अठरा वर्षांवरील सर्वांत ज्येष्ठ स्त्री हीच शिधापत्रिकेपुरती कुटुंबप्रमुख असते, त्यामुळे या बदलाला कोठेही हरकत आली नाही. तीन आठवड्यांत बारा अंकी क्रमांकासह नवी पत्रिका हातात पडली. "आता दुकानात जा, धान्य मिळेल," असे त्या मुलाने सांगितले आणि आम्ही त्याचे आभार मानून परत आलो. चूक तिथेच झाली.

वाडीतले रास्त भाव दुकान एका महिला बचत गटाकडे आहे. यंत्रावर बसणाऱ्या ताईंनी पत्रिका उलटसुलट करून पाहिली आणि विचारले, "काकी, शिक्को खंय आसा?" शिक्का म्हणजे प्राधान्य कुटुंबाचा शिक्का. महाराष्ट्रात तीन रंगांच्या शिधापत्रिका 1999 पासून आहेत, त्यांत केसरी पत्रिका ही वार्षिक 15 हजारांच्या वर आणि एक लाखापर्यंत उत्पन्न असलेल्या कुटुंबांची. मात्र 1 फेब्रुवारी 2014 पासून राज्यात राष्ट्रीय अन्न सुरक्षा कायद्याची अंमलबजावणी सुरू झाली आणि केसरीचे दोन भाग पडले. ज्या कुटुंबांचे वार्षिक उत्पन्न ग्रामीण भागात 44 हजारांपर्यंत किंवा शहरात 59 हजारांपर्यंत आहे आणि ज्यांची प्राधान्य कुटुंब म्हणून निवड झाली आहे, त्यांना धान्य मिळते. उरलेल्या केसरी पत्रिका आमच्याकडे तरी नुसता कागद आहेत. रंग पाहून हे कळत नाही, शिक्का पाहूनच कळते. ताईंनी आपल्या मोबाइलवर काकीचा बारा अंकी क्रमांक टाकून आम्हाला दाखवले की तिच्या नावापुढे गहू आणि तांदूळ या दोन्ही रकान्यांत शून्य आहे. ज्या दुकानदारांना गावोगाव शिव्या खाव्या लागतात, त्यांच्यापैकीच एकीने आम्हाला पहिल्यांदा सरळ माहिती दिली, हे नोंदवले पाहिजे.

दुसरा अर्ज तहसील कार्यालयातील पुरवठा शाखेत द्यायचा होता. त्याला तहसीलदारांच्या सहीचा उत्पन्नाचा दाखला आणि विहित नमुन्यातले हमीपत्र लागले. दाखल्यासाठी तलाठ्यांचा अहवाल हवा. त्यांचे पदनाम आता ग्राम महसूल अधिकारी झाले असले, तरी वाडीत ते अजून भाऊसाहेबच आहेत. भाऊसाहेबांनी पहिलाच प्रश्न विचारला, "मुलगे पैसे पाठवतात ना?" काकी गप्प राहिली. मुलगे पाठवतात, पण कधी पाठवतात आणि कधी नाही, हे बाहेरच्या माणसासमोर सांगणे तिला अपमानाचे वाटले. शेवटी श्रावणबाळ योजनेचे दरमहा 1500 प्रमाणे वर्षाचे 18 हजार, काजूचे थोडे पैसे आणि बारा गुंठ्यांतले भात असे मांडून उत्पन्न लिहिले गेले. ते मर्यादेच्या पुष्कळ आत होते. हमीपत्रात खोटी माहिती दिल्यास उचललेल्या धान्याची वसुली होऊ शकते, त्यामुळे आकडा खरा लिहावा, एवढेच मी येथे सांगेन.

या 44 हजारांच्या मर्यादेविषयी मात्र थांबून लिहायला हवे. ती कायदा आला त्या वेळची आहे आणि अजून तीच आहे. 2014-15 मध्ये राज्यात रोजगार हमीची मजुरी दिवसाला 168 रुपये होती, तेव्हा वर्षाला 262 दिवस काम मिळाले तर माणूस ही मर्यादा ओलांडत असे. 2025-26 चा दर 312 रुपये आहे आणि त्या दराने 142 व्या दिवशी मर्यादा ओलांडली जाते. आंब्याच्या बागेत फवारणीला आणि काढणीला जाणारा, पावसाळ्यात लावणी करणारा आणि मधल्या काळात चिरेखाणीवर राबणारा गडी या हिशेबाने कागदावर सुखवस्तू ठरतो. काकीला या मर्यादेचा त्रास झाला नाही, पण शाखेबाहेरच्या बाकावर आमच्या शेजारी बसलेल्या दोन कुटुंबांना झाला.

पुरवठा शाखेची सेवा तिन्ही ठिकाणांत सर्वांत कमी दर्जाची होती. पहिल्या वेळी सकाळच्या एसटीने उतरून साडेदहाला पोहोचलो, तर साहेब व्हीसीत (व्हिडिओ कॉन्फरन्समध्ये) होते आणि ती व्हीसी दुपारी दीडची परतीची गाडी सुटेपर्यंत संपली नाही. दुसऱ्या वेळी अर्ज घेतला गेला, पण पोच मिळाली नाही. "होईल, इष्टांक आला की होईल," असे उत्तर मिळाले. इष्टांक हा शब्द काकीने आयुष्यात पहिल्यांदा ऐकला आणि परतीच्या वाटेवर तो तिने मला तीनदा विचारला. त्याचा अर्थ असा की, किती माणसांना या कायद्याखाली धान्य द्यायचे याची संख्या वरून ठरलेली आहे. महाराष्ट्रासाठी ती सुमारे सात कोटी असून ग्रामीण भागातील 76.32 टक्के आणि शहरी भागातील 45.34 टक्के लोकसंख्या तीत बसवली आहे. ही लोकसंख्या 2011 च्या जनगणनेची आहे. हीच संख्या पुढे जिल्ह्याला आणि तालुक्याला वाटून दिली जाते, आणि तालुक्याचा वाटा भरलेला असला की पात्र माणसालाही थांबावे लागते. जुन्या यादीतले कोणी मयत झाले, कोणाचे लग्न होऊन नाव सासरी गेले, कोणी ई-केवायसी (आधारवरून ओळख पटवणे) केली नाही म्हणून वगळले गेले किंवा कोणी आपणहून धान्य सोडले, तरच जागा रिकामी होते. म्हणजे पात्र असणे आणि लाभार्थी असणे यांच्यामध्ये रांग आहे, आणि ती रांग किती लांब आहे हे सांगणारा एकही फलक त्या शाखेत नाही. हा दोष तिथल्या अव्वल कारकुनाचा नाही, तो माणूस एकटा सगळा तालुका ओढत होता. मात्र अर्जाची तारीख घातलेली पोच देणे त्याच्या हातात होते. तिसऱ्या वेळी मी 1967 या मदत क्रमांकावर नोंदवलेल्या तक्रारीचा क्रमांक दाखवला, तेव्हा दहा मिनिटांत शिक्का मारलेली पोच मिळाली.

ई-केवायसीचा प्रकार घरीच झाला. त्यासाठीच्या ॲपमध्ये आधार क्रमांक टाकला की ओटीपी येतो आणि त्यानंतर चेहरा दाखवावा लागतो. काकीच्या आधारला थोरल्या मुलाचा मोबाइल जोडलेला होता, त्यामुळे ओटीपी विरारला गेला. मुलगा ऐन गर्दीच्या लोकलमध्ये होता. त्याने आकडे सांगेपर्यंत आमच्या अंगणातली रेंज गेली. शेवटी काकीला खळ्याच्या टोकाशी, पोफळीखाली उभे केले, चष्मा उतरवला आणि डोळ्यांची उघडझाप करायला सांगितले. चौथ्या प्रयत्नात हिरवी खूण आली. तोपर्यंत शेजारच्या दोघीजणी आपापली आधार कार्डे घेऊन येऊन उभ्या राहिल्या होत्या. वयस्कर माणसांच्या आधारला चालू मोबाइल क्रमांक जोडून घ्यावा, आणि तो शक्यतो गावातल्याच कोणाचा असावा.

प्राधान्य गटातून काकीचे धान्य सुरू झाले, आता ते देणाऱ्या दुकानाविषयी. जानेवारी 2023 पासून प्राधान्य आणि अंत्योदय (सर्वांत गरीब कुटुंबांचा गट) या दोन्ही गटांना धान्य मोफत आहे, त्याआधी तांदूळ तीन रुपये आणि गहू दोन रुपये किलो होता. आमच्या दुकानात कोणी हमालीचे किंवा पिशवीचे म्हणून पैसे मागितले नाहीत, वजन काट्यावर समोर झाले आणि यंत्रातून निघालेली पावती न मागता मिळाली. सुपारी सोलून आणि मासळी साफ करून काकीच्या बोटांवरच्या रेषा पुसट झाल्या आहेत, त्यामुळे अंगठा दोनदा नाकारला गेला. तेव्हा ताईंनी यंत्राला जोडलेल्या बुबुळाच्या स्कॅनरवर काम भागवले. धान्य महिन्याच्या कोणत्या तारखेला येईल हे मात्र आधी कळत नाही. ताई गटाच्या व्हॉट्सॲपवर निरोप टाकतात आणि ज्यांच्याकडे मोबाइल नाही त्यांच्या घरी कोणीतरी हाक मारून जाते.

तांदूळ बरा होता, खडे फारसे नव्हते. पेजेला काकी आपल्या शेतातला उकडा तांदूळच वापरते, रेशनचा तांदूळ ती घावण्यांसाठी दळून आणते. पहिल्या पिशवीतले थोडे वेगळे दिसणारे, पाण्यावर तरंगणारे दाणे प्लास्टिकचे समजून तिने निवडून अंगणात टाकले होते. ते पोषक तांदळाचे दाणे आहेत. तांदळाच्याच पिठात लोह, फॉलिक ॲसिड आणि बी-12 जीवनसत्त्व मिसळून ते तयार करतात आणि साध्या तांदळात शंभराला एक या प्रमाणात घालतात. हे पिशवीवर छापलेले असते, पण सुटे धान्य घेणाऱ्याला पिशवी दिसत नाही. दुकानात मोठ्या अक्षरांत एक कागद लावला, तर बरेच दाणे कोंबड्यांच्या पोटात जायचे वाचतील.

सेवेत सर्वांत मोठी उणीव मला वाटली ती वेगळीच आहे, आणि ती कोकणात जास्त बोचते. प्राधान्य कुटुंबाला माणशी पाच किलो धान्य मिळते, तर अंत्योदय कुटुंबाला माणसे किती आहेत हे न पाहता महिन्याला 35 किलो मिळते. आमच्या वाडीत मुलगे, सुना, नातवंडे यांची नावे मुंबईच्या पत्रिकांवर गेली आहेत आणि गावच्या पत्रिकेवर एकेक म्हातारे माणूस उरले आहे. अशा घराला प्राधान्य गटातून पाच किलो, म्हणजे दिवसाला सुमारे 166 ग्रॅम धान्य येते. गणपतीला आणि शिमग्याला चार दिवस घर भरते, तेव्हा कागदावरचे कुटुंब आणि पंगतीतले कुटुंब यांचा काही मेळ नसतो. काकीची यावर तक्रार नाही. "पाच किलो माका आणि मांजराक पुरे," असे ती म्हणाली. पण अंत्योदय योजनेच्या निकषांत आधार नसलेल्या विधवा आणि साठ वर्षांवरील वृद्ध यांचा स्पष्ट उल्लेख आहे, आणि तिचा अर्ज मुळात त्या गटात जाऊ शकतो का, हे सेतू केंद्रात किंवा शाखेत कोणीही तपासले नाही. अंत्योदयची संख्याही ठरलेलीच असते, त्यामुळे जागा असेलच असे नाही. तरीही विचारणे आणि लेखी उत्तर देणे हा सेवेचाच भाग आहे.

गुण द्यायचेच तर दुकानाला पाचपैकी चार, सेतू केंद्राला अडीच आणि पुरवठा शाखेला दीड. सेतू केंद्राचा अर्धा गुण वेगासाठी आहे. जाताना नव्या पत्रिकेची प्रत, सर्वांच्या आधारच्या प्रती, चालू वर्षाचा उत्पन्नाचा दाखला, हमीपत्र आणि बँक पासबुक सोबत असावे, आणि ज्यांची नावे मुंबईच्या शिधावाटप कार्यालयातून कमी करून गावी चढवायची आहेत त्यांनी तिकडचा नाव कमी केल्याचा दाखला आधी मिळवावा. तो नसेल तर इकडचा अर्ज पुढे सरकतच नाही.

काकीचा अंत्योदयचा अर्ज आम्ही फेब्रुवारीत दिला. तो अजून शाखेत आहे. त्याची पोच मात्र या वेळी पहिल्याच दिवशी मागून घेतली आणि ती काकीने पत्रिकेसोबत बिस्किटांच्या डब्यात, कोयतीशेजारच्या फडताळात ठेवली आहे.