दुसऱ्या गिअरचा तो आवाज आणि नवं गिअर ऑइल: आठ महिन्यांचा अनुभव

सकाळी गाडी काढायची, पहिल्यावरून दुसऱ्यावर टाकायचा आणि कर्रकन आवाज. सव्वा वर्ष माझी प्रत्येक थंड सकाळ अशीच सुरू व्हायची. आता आठ महिने झाले, गाडी साडेनऊ हजार किलोमीटर चालली आणि तो आवाज गेला. त्यासाठी गिअरबॉक्स उघडावा लागला नाही, फक्त आतलं ऑइल बदललं. पण "ऑइल बदला, सगळं ठीक होईल" एवढंच सांगून थांबले तर ते अर्धंच सांगणं होईल, कारण हा आवाज सुरू झाला तोही ऑइल बदलल्यानंतरच.

गाडी पाच गिअरची साधी हॅचबॅक, फ्रंट व्हील ड्राइव्ह. सत्तर हजार किलोमीटरपर्यंत गिअरबॉक्सच्या ऑइलला कुणी हातच लावला नव्हता. सर्व्हिसिंगला दिली तेव्हा गॅरेजवाल्यांनीच सुचवलं, मी हो म्हटलं, आणि त्यांनी ८०डब्ल्यू-९० जीएल-५ भरलं (पहिले आकडे ऑइलच्या जाडीचे, जीएल म्हणजे गिअर ऑइलचा प्रकार). "हे वरच्या ग्रेडचं आहे, गिअर जास्त टिकतील," असं सांगितलं. जीएल-४ आणि जीएल-५ असे प्रकार मिळतात, चारपेक्षा पाच मोठा, मलाही ते पटलं. पहिले काही दिवस गिअरबॉक्स खरोखर शांत वाटला. मग हवा थंड झाली आणि दुसरा गिअर कुरकुरायला लागला. गाडी पंधरा-वीस मिनिटं चालली की आवाज बंद. दुसऱ्या दिवशी सकाळी पुन्हा तेच.

एकाने क्लच प्लेट गेली म्हणून सांगितलं, दुसऱ्याने सिंक्रो (गिअर पडण्याआधी वेग जुळवणाऱ्या रिंगा) गेले, गिअरबॉक्स खाली घ्यावा लागेल म्हणून सांगितलं. त्या खर्चात पडण्याआधी मी एक साधी तपासणी केली, ती सगळ्यांनी करावी. इंजिन चालू ठेवून क्लच पूर्ण दाबायचा, मनात पाच अंक मोजायचे आणि मग रिव्हर्स टाकायचा. अनेक गाड्यांत रिव्हर्सला सिंक्रो नसतो, त्यामुळे क्लच नीट सुटत नसेल तर आतला शाफ्ट फिरत राहतो आणि रिव्हर्स खरखरतो. माझा रिव्हर्स गुपचूप पडला. म्हणजे क्लच सुटत होता. शिवाय गरम झाल्यावर त्रास जातो, यावरून संशय ऑइलवरच यायला हवा होता. तेवढ्यासाठी गाडीची पुस्तिका काढली. गिअरबॉक्सच्या पानावर स्पष्ट लिहिलं होतं: ७५डब्ल्यू-८०, जीएल-४. आत होतं ८०डब्ल्यू-९०, जीएल-५. दोन्ही गोष्टी चुकीच्या.

इथे जरा थांबून सांगते, कारण सगळा घोळ इथेच होतो. जीएल-४ आणि जीएल-५ ही चांगल्या आणि अधिक चांगल्या ऑइलची नावं नाहीत, ती दोन वेगळ्या कामांची ऑइलं आहेत. जीएल-५ मुख्यतः हायपॉइड गिअरसाठी असतं, म्हणजे रिअर व्हील ड्राइव्ह गाडीच्या डिफरन्शियलमध्ये (दोन्ही चाकांना वेगवेगळ्या वेगाने फिरू देणाऱ्या भागात) असतात तसे. तिथे दातावर दात नुसता लोळत नाही, दाबाखाली घसरतही जातो. त्या दाबात ऑइलचा थर टिकत नाही, म्हणून गंधक आणि फॉस्फरसचं अ‍ॅडिटिव्ह घालतात. ते धातूवर स्वतःचा एक संरक्षक थर चढवतं. जीएल-५ मध्ये हे अ‍ॅडिटिव्ह जीएल-४ च्या साधारण दुप्पट असतं. माझ्यासारख्या आडव्या इंजिनच्या फ्रंट व्हील ड्राइव्ह गाडीत डिफरन्शियल गिअरबॉक्सच्याच पोटात असतो, पण त्याचे दात हायपॉइड नसतात, तिरपे कापलेले हेलिकल असतात. त्यांना एवढ्या औषधाची गरज नसते.

गरज नाही एवढ्यावर भागलं असतं तर गोष्ट वेगळी, पण सिंक्रोला त्याने त्रास होतो. गिअर बदलताना पुढच्या गिअरचा वेग आणि शाफ्टचा वेग जुळावा लागतो. ते काम एक छोटी पितळी रिंग करते. ती गिअरच्या निमुळत्या भागावर दाबली जाते, घर्षणाने त्याला आपल्या वेगावर आणते, आणि मगच स्लीव्ह पुढे सरकून गिअर पडतो. रिंगच्या आतल्या बाजूला बारीक आटे असतात, त्यांचं काम मधला ऑइलचा थर झटकन कापून बाजूला सारण्याचं. म्हणजे त्या जागी थोडी पकड हवीच. तेलकट हाताने बरणीचं घट्ट झाकण फिरवून बघा, झाकण तसंच राहतं आणि हात घसरतो. गरजेपेक्षा निसरडं ऑइल असलं की रिंगचं तसंच होतं. त्यात ऑइल थंडीत घट्ट असेल तर तो थर कापायलाही वेळ लागतो. वेग जुळायच्या आत आपण लिव्हर रेटतो आणि आवाज येतो. दुसऱ्याच गिअरला जास्त का, तर पहिल्या आणि दुसऱ्या गिअरच्या वेगातलं अंतर सहसा सगळ्यात मोठं असतं, तिथल्या रिंगला सगळ्यात जास्त कष्ट पडतात.

पितळेला गंधक मानवत नाही, हा दुसरा मुद्दा. जुन्या पद्धतीच्या जीएल-५ मधला सक्रिय गंधक गरम गिअरबॉक्समध्ये पितळी भाग हळूहळू खातो. आताच्या अनेक ऑइलांत ते रोखणारे घटक असतात, त्यामुळे भरल्या भरल्या रिंगा विरघळतील अशी भीती घालण्यात अर्थ नाही. निसरडेपणाचा प्रश्न मात्र तरीही उरतो. आणि उलटही लक्षात ठेवा: काही गिअरबॉक्सना कंपनीनेच जीएल-५ सांगितलेलं असतं, काहींना ऑटोमॅटिक गिअरबॉक्सचं ऑइल (एटीएफ), काही जुन्या गाड्यांना तर चक्क इंजिन ऑइल. माझ्या गाडीला जीएल-४ लागतं म्हणून तुमच्याही गाडीला तेच लागेल असं नाही.

आकड्यांबद्दल थोडक्यात. ९० आकडा बघून लोकांना ते इंजिनच्या ४० पेक्षा दुप्पट जाड वाटतं. तसं नसतं, दोन्ही मोजपट्ट्या वेगळ्या आहेत. १०० अंशांना गिअर ऑइलचं ९० म्हणजे १३.५ ते १८.५ सेंटिस्टोक (जाडी मोजायचं एकक), आणि इंजिन ऑइलचं ४० म्हणजे १२.५ ते १६.३. जवळजवळ सारखंच. गिअर ऑइलचं ८० मात्र ११ च्या खालीच असतं, म्हणजे माझ्या गिअरबॉक्ससाठी भरलेलं ऑइल गरम झाल्यावरही बरंच जाड होतं. डब्ल्यूच्या आधीचा आकडा थंडीतला: एका ठरावीक घट्टपणाची मर्यादा ८०डब्ल्यूला उणे २६ अंशांना पाळावी लागते, ७५डब्ल्यूला उणे ४० अंशांना. एवढी थंडी कुणाच्या वाट्याला येवो न येवो, पण साध्या गार सकाळीही हा फरक लिव्हरला हात लावताच कळतो.

मी घेतलं ते फुल सिंथेटिक, ७५डब्ल्यू-८०, डब्यावर फक्त जीएल-४ लिहिलेलं. "जीएल-४/जीएल-५" असं दोन्ही लिहिलेले डबेही मिळतात. मी मुद्दाम टाळले. एलएस (लिमिटेड स्लिप डिफरन्शियलसाठीचं) लिहिलेलं तर सिंक्रोच्या गिअरबॉक्समध्ये घालूच नये, त्यातला घटक घर्षण कमी करण्यासाठीच असतो.

बदलायचं काम घरीच केलं. धाकटा भाऊ मदतीला होता. गाडी वीस मिनिटं फिरवून आणली, म्हणजे ऑइल पातळ होतं आणि तळाचा गाळ त्यात तरंगत बाहेर येतो. मग सपाट जागेवर चारही बाजूंनी स्टँडवर घेतली. नुसत्या जॅकवर असलेल्या गाडीखाली कधीही शिरू नका. भाऊ खाली सरकला आणि म्हणाला, "ताई, खालचा सोडू?" मी म्हटलं, "आधी वरचा." हे लक्षात ठेवाच. भरायचा प्लग आधी सुटतो याची खात्री केल्याशिवाय निचऱ्याचा प्लग सोडायचा नाही. खालून सगळं ऑइल काढून टाकलं आणि वरचा प्लग गंजून बसलेला निघाला, तर गाडी जागेवरून हलवता येत नाही. आमचा वरचा प्लग हट्टीच होता. रात्रीच गंज सोडवणारं स्प्रे मारून ठेवलं होतं, तरी लांब दांड्याचा पाना लावून दोघांनी जोर काढला तेव्हा कुठे टक्‌ आवाज होऊन सुटला.

मग खालचा. पहिला वास आला गंधकाचा, तो हाताला दोन दिवस राहिला. ऑइल दाट तपकिरी होतं. निचऱ्याच्या प्लगला लोहचुंबक असतं, त्यावर काजळासारखी करडी पेस्ट जमली होती. ती दोन बोटांत चोळून पाहिली. गुळगुळीत होती, कुठेही कण टोचला नाही. अशी पेस्ट साहजिक आहे, दात चालले की थोडी झीज होतेच. चिमटीत धरता येईल असा तुकडा किंवा चकती मिळाली असती तर ते काम आमच्या हातचं नव्हतं. पण परात उन्हात तिरकी धरली तेव्हा भावाला दिसलं आणि त्याने मला दाखवलं: ऑइलमध्ये अगदी बारीक सोनेरी चमक फिरत होती. पितळ चुंबकाला चिकटत नाही, ते असंच तरंगत राहतं. माझ्या सिंक्रोच्या रिंगा होत्या त्या. ते बघून खरंच वाईट वाटलं.

निघालेलं ऑइल मोजलं. पुस्तिकेत क्षमता २.२ लिटर होती, अर्धा तास थेंब थेंब गळू देऊनही निघालं जेमतेम १.९. थोडं आत चिकटून राहतं हे धरलं तरी ऑइल मुळात कमी भरलं असावं असं मला वाटतं. दोन्ही प्लगना नवे वॉशर घातले, खालचा बसवला, वरच्या भोकातून लांब नळीच्या हातपंपाने नवं ऑइल भरलं. भोकाच्या कडेवरून ते हळूच बाहेर ओघळायला लागलं की पातळी झाली. जेवढं जास्तीचं आहे तेवढं आपोआप बाहेर येऊ द्यायचं आणि मग प्लग लावायचा. गिअरबॉक्सचं आवरण अ‍ॅल्युमिनियमचं असतं, अंदाजाने आवळलं तर आटे जातात. टॉर्क पाना (किती जोराने आवळतोय ते दाखवणारा) वापरला आणि पुस्तिकेतला आकडा पाळला. जुनं ऑइल त्याच डब्यात भरून वापरलेलं ऑइल गोळा करणाऱ्यांकडे दिलं. गटारात किंवा मातीत ओतायची ती वस्तू नाही.

दुसऱ्या दिवशी सकाळी मोठ्या आशेने दुसरा टाकला, आणि आवाज आला. आधीपेक्षा कमी, पण आला. मन खट्टू झालं. जुन्या ऑइलचा अंश आत राहतो, शिवाय रिंगांच्या पृष्ठभागावर बसलेला थर जायला वेळ लागतो, हे माहीत असूनही झालं. पहिल्या दीडशे किलोमीटरनंतर तो रोज येईनासा झाला, साधारण चारशेनंतर बंदच झाला. काही जण जुनं पूर्ण धुऊन निघावं म्हणून हजार किलोमीटरवर पुन्हा एकदा बदलतात. मी थांबायचं ठरवलं आणि गरज पडली नाही.

लिव्हरचा फरक मात्र पहिल्या दिवसापासून होता. थंड असताना तो चिखलात काठी फिरवल्यासारखा लागायचा, आता दोन बोटांनी सरकतो. गर्दीत तासभर पहिला-दुसरा-पहिला करताना मनगट दुखायचं, ते थांबलं. मायलेजमध्ये मला काही फरक दिसला नाही.

सगळंच सुधारलं असंही नाही. तिसऱ्यावरून घाईत दुसऱ्यावर आणला तर अजून किंचित अडतो. जी झीज झाली ती ऑइलने भरून येत नाही. तिथे मी आता अर्धा क्षण थांबते, किंवा इंजिनचा वेग जरा वाढवून मग टाकते. चौथ्या गिअरला चढावर बारीक गुणगुण ऐकू येते, जी जाड ऑइलमध्ये दबली होती. आठ महिन्यांत ती वाढलेली नाही, म्हणून काळजी करत नाही, पण कान तिकडे असतो. दुसऱ्या महिन्यात डाव्या अ‍ॅक्सलच्या सीलजवळ ओल दिसली. पुसून खूण करून ठेवली. ओल तेवढीच आहे, थेंब पडत नाही. पडायला लागला तर सील बदलावंच लागेल, कारण गिअरबॉक्समध्ये ऑइल कमी झाल्याचं सांगणारा दिवा नसतो.

पाच महिन्यांनी भरायचा प्लग पुन्हा उघडला. करंगळी आत घातली, ऑइल कडेलाच लागलं. रंग मधासारखा, आरपार दिसेल असा. दुधाळपणा नाही, म्हणजे पाणी शिरलेलं नाही. गाडी खोल पाण्यातून गेली असेल तर हे बघणं टाळू नका, गिअरबॉक्सच्या श्वासनळीतून पाणी आत जाऊ शकतं. गिअर ऑइलला इंजिन ऑइलसारखी काजळी सोसावी लागत नाही, म्हणून ते दीर्घकाळ टिकतं, पण दातांत चिरडून ते पातळ होत जातं आणि झिजलेला धातू त्यातच साठतो. "आयुष्यभरासाठी" म्हणून सांगितलेलं ऑइलही मी साठ-सत्तर हजारांना बदलेन.

बॉनेटच्या आतल्या बाजूला आता एक चिठ्ठी चिकटवली आहे: "गिअरबॉक्स – ७५डब्ल्यू-८०, फक्त जीएल-४, २.२ लिटर." गाडी सर्व्हिसिंगला देताना बॉनेट उघडून त्यावर बोट ठेवून दाखवते, आणि भरण्याआधी डबा मला दाखवा असं सांगूनच निघते.