लुआंग प्राबांगचा राजवाडा : आधी इतिहास वाचून जा

लाओसमधल्या लुआंग प्राबांग या जुन्या राजधानीतला राजवाडा आता संग्रहालय आहे. ते बघायलाच हवं, पण तयारी करून. दालनांतल्या पाट्यांवर वस्तूचं नाव मिळतं, ती तिथे का आहे हे फारसं मिळत नाही.

निदान एवढं माहीत असू द्या. १८८७ साली शहर लुटलं गेलं, तेव्हा म्हाताऱ्या राजा उन खामला फ्रेंच प्रतिनिधी ओग्युस्त पावीने वाचवलं. हे राज्य तेव्हा सयामचं (आजच्या थायलंडचं) मांडलिक होतं, पण सयामने वेळेला हात दिला नाही, म्हणून राजा फ्रान्सकडे झुकला. १८९३ नंतर बाकीच्या लाओसवर फ्रेंचांनी थेट अंमल बसवला. लुआंग प्राबांगला मात्र राजा ठेवून संरक्षित राज्य केलं. १९०४ मध्ये राजा सिसावांग वाँगसाठी त्यांनीच हा वाडा बांधायला घेतला, तोही मेकाँगकाठी, पाहुणा नावेतून उतरला की समोरच पोचावा असा. पायऱ्या इटालियन संगमरवराच्या आणि दर्शनी भागावर छत्राखाली तीन डोक्यांचा ऐरावत, म्हणजे लाओ राजेशाहीचं चिन्ह. सत्ता कोणाची आणि मान कोणाचा, ते इथेच कळतं.

आत उजवीकडचा राजाचा दिवाणखाना सर्वांत सुंदर. आलिक्स द फोतेरो या फ्रेंच चित्रकर्तीने १९३० साली इथल्या भिंतींवर लाओ जनजीवन रंगवलं. खिडकीतून दिवसाच्या ज्या वेळी जिथे ऊन येतं, तिथे त्याच वेळेचं दृश्य आहे. इथे घाई करू नका. दरबारातल्या लाल भिंतींवरचं रंगीत काचकाम डोळे दिपवतं. मागची शयनगृहं त्यापुढे अगदी साधी. राजाला परदेशांकडून आलेल्या भेटवस्तूंची मांडणी समाजवादी आणि भांडवलशाही देश अशी वेगवेगळी केली आहे. मागच्या गॅरेजमधल्या लिंकन आणि एडसेल या अमेरिकन मोटारी बघितल्या की फ्रेंचांच्या जागी अमेरिकन आले होते हे वेगळं सांगावं लागत नाही.

मोठी उणीव शेवटाची. डिसेंबर १९७५ मध्ये राजेशाही संपली. १९७७ मध्ये राजा सावांग वत्थना, राणी आणि युवराज यांना ईशान्येकडच्या छावणीत नेलं, ते परतले नाहीत. ज्या घरात ते राहिले तिथे याबद्दल सरळ लिहिलेलं असायला हवं.

खांदे-गुडघे झाकलेले हवेत. पिशवी आणि कॅमेरा लॉकरमध्ये, चपला दाराबाहेर. आत फोटो काढता येत नाहीत. दुपारी जेवणाच्या वेळेला संग्रहालय बंद होतं. अकराला पोचलात तर दिवाणखान्यातच वेळ संपेल, त्यामुळे सकाळी उघडताच जा आणि दीड तास हाताशी ठेवा.

प्रा बांग ही ८३ सेंटीमीटरची बुद्धमूर्ती आवारातल्या वेगळ्या मंदिरात आहे. एप्रिलमध्ये लाओ नववर्षाला ती शेजारच्या वाट माय विहारात नेतात आणि लोक नागाच्या आकाराच्या पन्हळीतून तिला स्नान घालतात. त्या दिवसांत गेलात तर दर्शनासाठी तिकडेच वळा.