पाथ पुसला आणि हार्ड डिस्क विकली : राजारामपुरीतल्या दुकानात आलेला अनुभव

विंडोजला टाइप करून हुकूम (कमांड) द्यायच्या ‘कमांड प्रॉम्प्ट’ या काळ्या खिडकीत ‘जावासी’ ही जावा भाषेतल्या प्रोग्रॅमसाठीची कमांड टाइप केली आणि ‘इज नॉट रेकग्नाइज्ड ॲज ॲन इंटर्नल ऑर एक्स्टर्नल कमांड’ (या नावाची कमांड ओळखता येत नाही) अशी ओळ आली, तर घाबरून लॅपटॉप उचलून दुकानात नेऊ नका. नुसत्या या ओळीवरून विंडोज करप्ट झाली असं म्हणता येत नाही, व्हायरस शिरला असंही नाही, आणि हार्ड डिस्क गेली असं तर मुळीच नाही. याच एका ओळीच्या जोरावर एका दुकानदारानं माझ्याकडून ७,४०० रुपये घेतले. दुरुस्ती होती पाच मिनिटांची आणि फुकटची. कोल्हापुरात आता घरोघरी डिप्लोमा, बीसीए, इंजिनिअरिंगची पोरं आहेत आणि पहिल्या-दुसऱ्या वर्षात बहुतेकांना ही ओळ भेटते, म्हणून सगळं सविस्तर लिहितोय.

माझं शिवाजी उद्यमनगरात टर्निंगचं छोटं वर्कशॉप आहे. मुलगी कॉम्प्युटर डिप्लोमाच्या दुसऱ्या वर्षाला. कॉलेजच्या लॅबमध्ये करतात तोच सराव घरी करता यावा म्हणून तिनं लॅपटॉपवर जेडीकेची, म्हणजे जावात प्रोग्रॅम लिहायच्या पॅकेजची, आठवी आवृत्ती टाकली. इन्स्टॉलेशन नीट पार पडलं. ‘जावा’ कमांड चालायची, आवृत्तीचा आकडा दाखवायची. पण प्रोग्रॅम कंपाइल करायला, म्हणजे लिहिलेला कोड चालवण्याजोगा करायला, ‘जावासी’ दिलं की वरची ओळ. एकाच पॅकेजमधलं एक चालतंय आणि दुसरं नाही, हे तिला कळेना. तिनं स्क्रीनचा फोटो काढून मैत्रिणीला पाठवला. त्या फोटोत वरच्या बाजूला ‘पिंग’ या कमांडला (नेटवर्कवरून दुसऱ्या कॉम्प्युटरपर्यंत पोचता येतंय का बघणारी विंडोजची स्वतःची कमांड) व्यवस्थित उत्तर आलेलं दिसतं आणि खाली ‘जावासी’ची एरर. हा फोटो लक्षात ठेवा.

मैत्रिणीलाही सांगता आलं नाही, म्हणून आम्ही लॅपटॉप राजारामपुरीतल्या एका दुरुस्तीच्या दुकानात नेला. दुकानाचं नाव इथं लिहीत नाही, कारण तक्रार चालू आहे. दुकानदार तरुण, बोलायला गोड. त्यानं कमांड देऊन बघितली आणि लगेच म्हणाला, “काका, विंडोज करप्ट वाटतीय. हे बघा.” मग त्यानं ‘इव्हेंट व्ह्यूअर’ नावाची खिडकी उघडली. त्यात लाल फुल्या आणि पिवळे त्रिकोण यांची ओळच्या ओळ. “एवढे एरर हायत. ठेवून जावा, सगळं चेक करून फोन करतो.”

त्या लाल फुल्यांचं आधी सांगतो. विंडोज आपल्या रोजच्या बारीकसारीक अडचणी त्या यादीत लिहून ठेवते. एखादी सेवा सुरू व्हायला उशीर झाला, वाय-फाय मधेच तुटलं, की एक नोंद पडते. ठणठणीत लॅपटॉपवरही ही यादी भरलेलीच असते. ‘मायक्रोसॉफ्टमधून बोलतोय’ म्हणून फोन करणारे भामटे हीच यादी माणसांना दाखवून घाबरवतात. त्यांची आणखी एक युक्ती म्हणजे ‘नेटस्टॅट’ कमांड देऊन त्यातला ‘फॉरिन ॲड्रेस’ हा मथळा दाखवायचा आणि परदेशातला कुणीतरी तुमच्या कॉम्प्युटरमध्ये बसलाय असं सांगायचं. तो मथळा म्हणजे पलीकडच्या कॉम्प्युटरचा पत्ता, एवढंच. कोणतीही वेबसाइट उघडली तरी तो दिसतो.

पुढं दुकानदाराचा फोन आला. “काका, समक्ष या, दाखवतो.” मुलीला घेऊन गेलो. त्यानं आमच्यासमोर ‘पिंग’ टाइप केलं. तीच ओळ. ‘आयपीकॉन्फिग’ (नेटवर्कची माहिती दाखवणारी कमांड) टाइप केलं. तीच ओळ. म्हणाला, “बघा, आता जावाचं सोडा, विंडोजच्या स्वतःच्या कमांड गेल्यात. हार्ड डिस्क फाइली खायला लागलीय. आज न्हाई तर उद्या समदा डेटा जाणार.” नवीन एसएसडी (हार्ड डिस्कच्या जागी बसणारी वेगवान डिस्क) बसवायची, विंडोज मारायची, जुना डेटा निघतोय का बघायचा, असे मिळून ७,४०० सांगितले. पोरीची परीक्षा तोंडावर होती. मी हो म्हणालो आणि पैसे यूपीआयनं दिले. पावती म्हणून एका चिठ्ठीवर आकडा लिहून मिळाला. त्यावर ना दुकानाचा शिक्का, ना जीएसटी नंबर. डेटा काही निघाला नाही म्हणाला. जुनी डिस्क मागितली तर “कामाची न्हाई ती, स्क्रॅपला टाकतो” असं उत्तर. पण आमच्या धंद्यात बदललेला पार्ट गिऱ्हाइकाच्या हातात द्यायची रीत आहे. मी तिथंच उभा राहिलो आणि डिस्क घेऊनच निघालो.

घरी येऊन मुलीनं नव्या विंडोजवर जेडीके पुन्हा टाकलं, ‘जावासी’ दिलं, आणि पुन्हा तीच ओळ आली. नवी डिस्क, नवी विंडोज, नवं जेडीके आणि एरर जुनीच. पोरगी रडवेली झाली. “पप्पा, लॅपटॉपच खराब निघाला वाटतं,” म्हणाली.

आमच्या गल्लीतला एक मुलगा पुण्यात सॉफ्टवेअर कंपनीत आहे. तो सुट्टीला आला होता. मुलगी त्याला दादा म्हणते. त्यानं लॅपटॉप मांडीवर घेतला आणि चहा येईपर्यंत ‘जावासी’ चालू करून दिलं. मग त्यानं जे समजावलं ते मी माझ्या शब्दांत सांगतो.

वर्कशॉपमध्ये नव्या पोराला ‘व्हर्नियर आण’ म्हटलं तर तो त्याला दाखवून ठेवलेल्याच ड्रॉवरमध्ये शोधतो. तिथं नसलं तर ‘व्हर्नियर नाही’ म्हणून परत येतो, भले ते शेजारच्या कपाटात का असेना. कमांड प्रॉम्प्ट तसंच करतं. तुम्ही कमांड दिली की ते आधी आपण उभे आहोत त्या फोल्डरमध्ये बघतं. तिथं नसेल तर ‘पाथ’ नावाच्या यादीतले फोल्डर एकापाठोपाठ एक धुंडाळतं. यादी संपली आणि त्या नावाचा प्रोग्रॅम सापडला नाही, की ती ओळ छापतं. प्रोग्रॅम डिस्कवर दुसरीकडं धडधाकट असला तरी त्याला पत्ता नाही. ही पाथची यादी म्हणजे एक एन्व्हायर्न्मेंट व्हेरिएबल, म्हणजे विंडोजनं प्रोग्रॅमसाठी एका नावाखाली लिहून ठेवलेली माहिती.

जेडीकेची आठवी आवृत्ती टाकली की ‘जावा’ चालवणारी फाइल पाथमध्ये असलेल्या एका सामायिक फोल्डरमध्ये जाते, पण कंपायलर, म्हणजे ‘जावासी’, जेडीकेच्या स्वतःच्या ‘बिन’ फोल्डरमध्येच राहतो आणि त्या ‘बिन’चा पत्ता पाथमध्ये कुणी लिहीत नाही. म्हणून एक चालतं, दुसरं नाही. मुलीच्या मूळ प्रश्नाचं पूर्ण उत्तर एवढंच होतं.

तो पत्ता आपण लिहायचा. सी ड्राइव्ह, त्यात प्रोग्रॅम फाइल्स, त्यात जावा, त्यात जेडीकेच्या नावाचं फोल्डर, त्यात बिन. आत ‘जावासी’ आहे याची खात्री करून वरच्या पट्टीतला पत्ता कॉपी करायचा. मग स्टार्टमध्ये ‘एन्व्हायर्न्मेंट’ असं इंग्रजीत टाइप केलं की ‘एडिट द सिस्टिम एन्व्हायर्न्मेंट व्हेरिएबल्स’ दिसतं. ते उघडून खालचं ‘एन्व्हायर्न्मेंट व्हेरिएबल्स’ बटण दाबायचं, यादीतला ‘पाथ’ निवडून ‘एडिट’, मग ‘न्यू’, आणि पत्ता पेस्ट. उघडलेल्या प्रत्येक खिडकीला ‘ओके’ म्हणून बाहेर यायचं. आधीपासून उघडी असलेली काळी खिडकी बंद करून नवी उघडायची. हे फार जण विसरतात. जुनी खिडकी उघडताना घेतलेलीच यादी धरून बसते, त्यामुळे सगळं बरोबर करूनही एरर तशीच दिसते. ‘व्हेअर जावासी’ असं विचारलं की विंडोज फाइलचा पत्ता सांगते. तो आला की काम झालं.

‘जावा होम’ हे व्हेरिएबल मागणारी काही सॉफ्टवेअर असतात. त्यात मात्र ‘बिन’शिवायचा पत्ता, म्हणजे जेडीकेच्या फोल्डरपर्यंतचाच द्यायचा. पायथॉनवाल्यांसाठी आणखी सोपं आहे. इन्स्टॉल करताना पहिल्याच पानावर पाथमध्ये टाकण्याचा चौकोन असतो. तो आपोआप टिक झालेला नसतो, आपण करायचा.

हे झाल्यावर त्या मुलानं विचारलं, “काका, मग पिंग का बंद पडलं होतं?” जुनी डिस्क मी दिली. त्यानं ती लॅपटॉपला परत बसवली. लॅपटॉप जुन्या विंडोजवर सरळ सुरू झाला. मुलीच्या नोट्स, फोटो, असाइनमेंट सगळं जागच्या जागी. डिस्कची तब्येत दाखवणारं एक फुकट सॉफ्टवेअर चालवलं, त्यात ‘गुड’ आलं. ‘पिंग’ दिलं तर तीच ओळ. मग त्यानं काळ्या खिडकीत, विंडोजच्या स्वतःच्या कमांडच्या फाइली असतात त्या ‘सिस्टिम३२’ फोल्डरमध्ये शिरून तीच कमांड दिली, आणि पिंग चाललं. फाइल तिथंच होती. कुणी काही खाल्लं नव्हतं.

त्यानं पाथ उघडला. सिस्टिमच्या पाथमध्ये एरवी विंडोजच्या स्वतःच्या ओळी असतात: सिस्टिम३२, विंडोज, डब्ल्यूबीईएम, पॉवरशेल, ओपनएसएसएच. आमच्या पाथमध्ये एकच ओळ उरली होती, सी ड्राइव्हमधल्या ‘टेम्प’ नावाच्या फोल्डरची. आणि तसलं फोल्डर डिस्कवर नव्हतंच.

हे चुकून होऊ शकतं का, याचा आम्ही दोघांनी विचार केला, कारण कुणावर उगीच आळ घ्यायचा नाही. ‘सेटएक्स’ नावाच्या कमांडनं पाथ बदलताना १०२४ अक्षरांपुढचा भाग कापला जातो, आणि तसं बऱ्याच लोकांचं नुकसान झालेलं आहे. पण त्यात शेपूट जातं. सिस्टिम३२ सहसा सुरुवातीला असतं, ते राहतं. जावा दुरुस्त करताना गफलतीनं जुनी यादी पुसली गेली असं धरलं, तर तिथं जावाचा पत्ता दिसायला हवा होता. नसलेल्या फोल्डरचं नाव कुणी दुरुस्तीसाठी टाकत नाही. आणि लॅपटॉप दुकानात जाण्याआधी पिंग चालत होतं, याचा तारखेसकट पुरावा मैत्रिणीला पाठवलेल्या त्या फोटोत होता. आम्हाला ‘पिंग’ बंद पडलेलं दाखवता यावं म्हणूनच ती यादी पुसली गेली, असं माझं ठाम मत आहे.

मला पैशापेक्षा याचा राग आहे. दुरुस्तीचे जास्त पैसे सांगणारे मी आयुष्यभर बघितलेत, त्यांच्याशी घासाघीस करता येते. इथं चांगलं चालणारं मशीन आधी बिघडवलं, तो बिघाड गिऱ्हाइकाला दाखवला आणि त्यावर बिल लावलं. वर ‘डेटा निघत नाही’ म्हणून एका पोरीचं वर्षभराचं काम स्क्रॅपमध्ये टाकायला निघाला होता.

दुकानात जाऊन फोटो आणि पाथची खिडकी दाखवली. “काका, तुमाला त्यातलं काय कळतंय?” इथून सुरुवात झाली. गल्लीतल्या मुलानं शांतपणे विचारलं, की हे टेम्प कुणी टाकलं? त्यावर आवाज चढला, मग एसएसडी परत घेऊन अर्धे पैसे देतो इथपर्यंत गाडी आली, तेही लिहून द्यायला तयार नाही. मी नको म्हणालो.

तुमच्यावर अशी वेळ आली तर लॅपटॉप देण्याआधी काळ्या खिडकीत ‘पिंग’, ‘आयपीकॉन्फिग’ आणि बिघडलेली कमांड, तिन्ही देऊन स्क्रीनचा फोटो काढून ठेवा. ‘इको पर्सेंट पाथ पर्सेंट’, म्हणजे पाथ हा शब्द दोन टक्के-चिन्हांच्या मध्ये लिहून, दिलं की पूर्ण यादी छापून येते. तिचाही फोटो घ्या. विंडोजच्या कमांड चालत नाहीत असं कुणी दाखवलं तर त्यालाच सिस्टिम३२ मध्ये जाऊन तीच कमांड द्यायला सांगा. तिथं चालली तर पाथ बिघडलाय, डिस्क नाही. वर सांगितलेल्या विंडोजच्या ओळी परत लिहिल्या की सगळं पूर्ववत होतं. आमच्या जुन्या डिस्कवर तसंच झालं. बदललेला पार्ट मागून घ्या, छापील बिल घ्या, आणि पैसे रोख देऊ नका. आमच्याकडं बिल नव्हतं, पण यूपीआयची नोंद होती, तिचाच आता आधार आहे.

फोनवरून कुणी लॅपटॉपचा ताबा मागत असेल किंवा तसे पैसे गेले असतील, तर क्षणाचाही उशीर न करता १९३० ला फोन करा. तो सायबर आर्थिक फसवणुकीचा क्रमांक आहे. दुकानातल्या सेवेबद्दलची तक्रार राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइनकडं, १९१५ वर नोंदवता येते. मी तिथं नोंदवली आहे. तिथं तड लागली नाही तर ग्राहक संरक्षण कायदा, २०१९ प्रमाणे जिल्हा ग्राहक आयोगात जाता येतं; दिलेली रक्कम ५ लाखांपर्यंत असेल तर फी नाही आणि वकील लावायची सक्तीही नाही. आयोगासाठीचा अर्ज मुलीनं टाइप करून ठेवला आहे. सोबत फोटो, यूपीआयची नोंद आणि ती चिठ्ठी जोडली आहे. जुनी डिस्क मी वर्कशॉपच्या कपाटात कुलपात ठेवली आहे. तिच्यावरची ‘टेम्प’ची ओळ पुसण्याआधी त्या मुलानं पूर्ण डिस्कची नक्कल काढून दिली, ती आयोगापुढं दाखवता येईल.