कूश वाचायचा तर कुठून? हिब्रू शास्त्रातल्या उताऱ्यांची तुलना

आफ्रिकेतल्या लोकांकडे हिब्रू शास्त्र (ख्रिस्ती बायबलातला जुना करार) कसं पाहतं, हा विषय अभ्यासवर्गात घ्यायचा ठरला की बहुतेक जण त्यातल्या पहिल्या पुस्तकाचा, उत्पत्तीचा, ९वा आणि १०वा अध्याय उघडतात. नोहा, त्याचे तीन मुलगे, मग वंशावळ. मी तिथून सुरुवात करणार नाही. एकच बैठक हाताशी असेल तर यिर्मया या संदेष्ट्याच्या पुस्तकाचा ३८वा अध्याय घ्यावा, दोन असतील तर जोडीला यशया संदेष्ट्याचं पुस्तक. का, ते सांगतो.

आधी नावं. कूश म्हणजे अस्वानच्या दक्षिणेचा नाईलकाठ, मुख्यतः आजच्या सुदानचा उत्तर भाग. काही भाषांतरांत तिथे इथिओपिया छापलेलं असतं. त्यावरून आजचा इथिओपिया देश डोळ्यांपुढे आणू नये. मिस्राईम म्हणजे मिसर (इजिप्त), आणि पूट बहुधा लिबियाकडचा. ‘आफ्रिका’ नावाचा एक सलग खंड आणि त्यातले ‘आफ्रिकी’ लोक, ही कल्पनाच या लेखकांकडे नव्हती.

उत्पत्ती १०ची सोय अशी की एका पानात सगळे सापडतात. नोहाचा मुलगा हाम, त्याचे मुलगे चार: कूश, मिस्राईम, पूट, कनान. पण वंशाच्या आजच्या कल्पना घेऊन वाचायला बसलं की घोटाळा सुरू होतो. कनानी बोली हिब्रूच्या अगदी जवळच्या, तरी कनान हामच्या घरात. कूशच्या नातवंडांत शबा आणि ददान ही अरबस्तानातली नावं. त्याच कूशचा मुलगा निम्रोद, आणि त्याचं राज्य बाबेल, एरेक, अक्काद इथे, म्हणजे आजच्या इराकात. इस्राएलचे शेजारी आणि वैरी पलिष्टी तर मिस्राईमच्या शाखेत. ही वर्गवारी कातडीच्या रंगाने केलेली नाही आणि निव्वळ भाषेनेही नाही. शेजार, सत्ता आणि जुनं वैर यांचा हिशेब तिच्यात जास्त दिसतो.

शिवाय ९व्या अध्यायातला नोहाचा शाप. तो कनानला आहे. हामला नाही, कूशला तर मुळीच नाही. मजकूर इतका स्वच्छ असूनही १९व्या शतकात अमेरिकेच्या दक्षिणेकडच्या गुलामगिरीच्या समर्थकांनी तो काळ्या माणसांच्या माथी मारला. हा इतिहास शिकवायलाच हवा, पण तो नंतरच्या वाचकांचा इतिहास आहे. वर्गाची सुरुवात इथून केली तर सगळा वेळ शापाचं खंडन करण्यात जातो आणि एकही कूशी माणूस समोर येत नाही.

यिर्मया ३८मध्ये तो येतो, आणि काय रुबाबात येतो! इ.स.पू. ५८८-५८७च्या सुमाराची गोष्ट. यरुशलेमेला बाबेलच्या सैन्याचा वेढा पडलेला. शरण जा, असं सांगणाऱ्या यिर्मयाला सरदारांनी हौदात सोडलंय. हौदात पाणी नाही, नुसता चिखल, आणि यिर्मया त्यात रुततोय. राजा सिद्कीया सरदारांपुढे हतबल. अशा वेळी वाड्यातला एबद-मलेख कूशी उठतो, बन्यामीन वेशीत बसलेल्या राजाकडे जातो आणि या माणसांनी वाईट केलंय, असं तोंडावर सांगतो. परवानगी मिळाल्यावर दोर घेतो, भांडारातून जुन्या चिंध्याही घेतो, आणि वरून यिर्मयाला सांगतो: या काखेत घाल, मग दोर लाव. संदेष्ट्याची काख सोलवटू नये इथवर विचार करणारा हा एकटाच माणूस त्या सगळ्या दरबारात आहे. पुढच्या अध्यायात सिद्कीयाचे डोळे काढले जातात. एबद-मलेखाला मात्र देवाकडून खास निरोप येतो: तू माझ्यावर भरवसा ठेवलास, तू वाचशील.

मजकूर त्याला पुन:पुन्हा ‘कूशी’ म्हणतो. परकेपण लपवत नाही आणि हिणवतही नाही. उणीव एवढीच की हा एकटा माणूस आहे, परक्या दरबारात चाकरीला असलेला, कदाचित खोजा. एवढंच वाचून उठलं तर ‘भला सेवक’ हीच प्रतिमा डोक्यात राहील. याच पुस्तकातलं १३:२३ (अध्याय १३, ओवी २३) ही टाळू नये: कूशी माणसाला आपली कातडी बदलता येईल का, चित्त्याला आपले ठिपके? टीका आहे ती यहूदाच्या, म्हणजे यरुशलेम राजधानी असलेल्या राज्याच्या, मुरलेल्या दुर्वर्तनावर, कातडीचा उल्लेख फक्त न बदलणाऱ्या गोष्टीचा दाखला म्हणून. तरी माणूस आणि चित्ता एका ओळीत आज खटकतात. खटकू द्यावेत, त्यावर वर्गात बोलावं.

सेवकाच्या प्रतिमेवर उतारा यशयात आहे. १८व्या अध्यायातले कूशी उंच, तुकतुकीत कांतीचे, दूरदूरपर्यंत दरारा असलेले. त्यांच्या देशातून नद्या वाहतात, त्यांचे दूत पाण्यावरून हलक्या होड्यांतून येतात. ही कविकल्पना म्हणून सोडून देता येत नाही. तेव्हा कूशी राजे मिसरवर राज्य करत होते. इतिहासात ते २५वं राजघराणं. त्यातला तहार्का राजांच्या दुसऱ्या पुस्तकात (२ राजे १९:९) ‘तिऱ्हाका’ या नावाने येतो: इ.स.पू. ७०१मध्ये अश्शूरचा (असिरियाचा) राजा सन्हेरीब यहूदावर चालून आला असताना हा त्याच्याविरुद्ध निघाल्याची बातमी येते. (प्रत्यक्षात तो गादीवर बसला सुमारे दहा वर्षांनी, लिहिणाऱ्याने नंतरचं पद आधीच देऊन टाकलं.) त्याचा पिरॅमिड सुदानात नूरी इथे आहे. यहूदाच्या दृष्टीने कूश म्हणजे त्या काळी एक महासत्ता.

म्हणून यशया २०सुद्धा सोबत वाचावा. तिथे संदेष्टा तीन वर्षं उघडा आणि अनवाणी फिरतो: अश्शूरचा राजा मिसरी आणि कूशी कैद्यांना असंच नेईल, म्हणून त्यांच्या भरवशावर राहू नका. अपमानाचं चित्र आहे, पण रोख त्यांच्या वंशावर नाही, यहूदाच्या राजकारणावर आहे. नुसता १८वा अध्याय वाचणारे कूशचं गौरवगीत गातात, नुसता २०वा वाचणारे तिरस्कार शोधतात.

वेळ अगदीच थोडा असेल तर आमोस संदेष्ट्याच्या पुस्तकातलं ९:७. इस्राएलाच्या संतानहो, तुम्ही मला कूशी लोकांसारखेच नाही का, असं देव विचारतो. काहींना यात कूशींची हेटाळणी दिसते. मला ते पटत नाही, कारण लगेच पुढे तो म्हणतो की तुम्हाला मिसरातून आणलं तसं पलिष्ट्यांना कफतोरहून आणि अरामींना कीरहून मीच आणलं. एका ओळीत निवडलेपणाचा तोरा उतरवलाय.

राहिला गणना या पुस्तकाचा १२वा अध्याय: मोशेने कूशी बायको केली म्हणून त्याची बहीण मिर्याम आणि भाऊ अहरोन कुरकुरतात, आणि मिर्याम कोडाने बर्फासारखी पांढरी होते. काळी वहिनी, पांढरी पडलेली नणंद. आजच्या वाचकाला हा सूड फार आवडतो. पण त्या बायकोच्या कातडीबद्दल मजकुरात अवाक्षर नाही, आणि कुरकुर लगेच दुसऱ्याच प्रश्नाकडे वळते: देव काय फक्त मोशेशीच बोलला? ती बायको म्हणजे मोशेची आधीपासूनची बायको, मिद्यानी सिप्पोराच, असंही मानणारे आहेत; हबक्कूक संदेष्ट्याच्या पुस्तकात ३:७मध्ये कूशान आणि मिद्यान जोडीने येतात, हा त्यांचा आधार. वर्गात मुरलेले वाचक असतील तर हा उतारा रंगतो. नवख्यांना दिला तर ते त्यात आपल्या काळातला वर्णद्वेष वाचून मोकळे होतात, आणि तो समज मग काही केल्या निघत नाही.