प्राट: मराठीचे उच्चार तपासण्यासाठी मोफत, भक्कम आणि थोडे हट्टी सॉफ्टवेअर

भाषाविज्ञानाचा विद्यार्थी असो, स्पीच थेरपिस्ट असो की बोलीचा अभ्यासक, आवाज मोजायची वेळ आली की हाताशी येते ते प्राट. ॲम्स्टरडॅम विद्यापीठातल्या पॉल बूर्स्मा आणि डेव्हिड वेनिंक यांनी १९९० च्या दशकाच्या सुरुवातीपासून ते घडवत आणले आहे. विंडोज, मॅक आणि लिनक्स या तिन्हींवर चालते, फुकट आहे, सोर्स कोडही खुला आहे. इन्स्टॉल करायची भानगड नाही. विंडोजवर झिप उघडायची, आतली एकच फाइल चालवायची. जुन्या लॅपटॉपवरही सुरळीत चालते, त्यामुळे कॉलेजच्या प्रयोगशाळेसाठी याहून स्वस्त आणि भरवशाचे साधन सुचवता येत नाही.

तरी एक गोष्ट आधीच सांगायला हवी. प्राट सहसा ‘मला कळले नाही’ म्हणत नाही. चुकीची सेटिंग दिली तरी ते दशांशासह नेमका वाटणारा आकडा देते, आणि तो आकडा थेट प्रबंधात जाऊन बसतो. म्हणून या परीक्षणाचा बराचसा भाग सेटिंगवरच आहे.

सुरुवात रेकॉर्डिंगपासून. ‘न्यू’ मेनूत ‘रेकॉर्ड मोनो साउंड’ निवडा, सॅम्पलिंग (आवाज सेकंदाला किती वेळा नोंदायचा ते) ४४१०० हर्ट्झ ठेवा, माइक तोंडापासून १०-१५ सेंमीवर आणि किंचित बाजूला, म्हणजे प-फचा फुंकारा थेट आदळत नाही. लेव्हलची पट्टी लाल झाली तर तो टेक टाकून द्या, कारण टोके कापली गेलेली लहर नंतर दुरुस्त होत नाही. पंखा बंद हवा. आपल्याकडच्या विजेची गुणगुण ५० आणि १०० हर्ट्झवर येते, आणि पुरुषी आवाजाचा पिचही (स्वरतंतू सेकंदाला किती वेळा कंप पावतात ते) १०० च्या आसपासच असतो. मग प्राट कधी माणसाचा पिच मोजते, कधी खोलीतल्या विजेचा.

इथेच पहिला खड्डा आहे. ‘सेव्ह टू लिस्ट’ हे बटण दाबले की आवाज फक्त प्राटच्या खिडकीतल्या तात्पुरत्या ऑब्जेक्ट्सच्या यादीत जातो, डिस्कवर नाही. प्राट बंद केले की रेकॉर्डिंग गेले. यादीतले साउंड निवडून ‘सेव्ह ॲज वेव्ह फाइल’ करायलाच हवे. टेक्स्टग्रिडचेही (आवाजाच्या तुकड्यांना दिलेल्या लेबलांच्या फाइलचेही) तेच, ते वेगळे जतन करावे लागते. इतक्या वर्षांच्या सॉफ्टवेअरमध्ये ही उणीव राहावी हे खटकते. नवख्या माणसाचे सगळ्यात मोठे नुकसान इथेच होते.

आता मराठीच्या कामाचे. ‘चार’ आणि ‘चाक’ यांतले दोन च वेगळे आहेत हे कानाला कळते, प्राटमध्ये ते डोळ्याला दिसतात. साउंड निवडून ‘व्ह्यू अँड एडिट’ उघडा आणि च वर झूम करा. पण स्पेक्ट्रोग्राम (कोणत्या क्षणी कोणत्या कंपनसंख्येवर किती जोर आहे याचे चित्र; जोर जास्त तितका रंग काळा) मुळात ५००० हर्ट्झपर्यंतच दाखवतो, आणि ‘चाक’मधल्या दंत्य च च्या घर्षणाचा जोर बहुतांशी त्याच्या वरच्या भागात असतो. दृश्य मर्यादा १०००० करा. मग ‘चार’मधला काळा पट्टा खालपासून, साधारण अडीच-तीन हजारांपासून सुरू झालेला दिसेल आणि ‘चाक’मधला बराच वर सरकलेला. हीच तपासणी ‘जग’ (दुनिया) आणि ‘जग’ (जिवंत राहा) यांवर करता येते. फोन कॉलच्या रेकॉर्डिंगवर मात्र हे करू नका. सॅम्पलिंग ८००० असेल तर ४००० हर्ट्झच्या वरचे काहीच नोंदले जात नाही, म्हणजे ज्यावरून फरक ओळखायचा तोच भाग गायब.

‘काल’ आणि ‘काळ’ यांसाठी फॉर्मंट (तोंडाच्या पोकळीच्या आकाराने ज्या कंपनसंख्या बळावतात त्या) चालू करा. लाल ठिपक्यांच्या रांगा येतात, त्यातली खालून तिसरी बघायची. ळ कडे जाताना ती खाली झुकते, ल कडे जाताना तशी झुकत नाही. मोजायची जागा म्हणजे व्यंजनाच्या आधीच्या स्वराचे शेवटचे ३०-४० मिलिसेकंद. ळ च्या नंतरच्या स्वरात हा झुकाव पुसट असतो आणि पुष्कळ जण नेमके तिथेच मोजतात.

फॉर्मंटची कमाल मर्यादा ही दुसरी मोठी सेटिंग. मूळची ५५०० हर्ट्झ बाईच्या आवाजासाठी आहे. पुरुषासाठी ५००० करायची, लहान मुलासाठी ८००० पर्यंत न्यायची. त्या मर्यादेखाली पाच फॉर्मंट शोधायला सांगितलेले असते, त्यामुळे मर्यादा चुकली की खालचा हिशेब बिघडतो. पुरुषाच्या ‘ऊ’मध्ये साधारण ३०० आणि ६०० ला दोन फॉर्मंट हवेत, तिथे ५५०० ठेवल्यास कधी ५०० च्या जवळ एकच दिसतो. ठिपके काळ्या पट्ट्यांवर बसलेत का, हे प्रत्येक स्वराला नजरेने पाहायचे. न बसल्यास मर्यादा थोडी हलवून पुन्हा बघायचे.

महाप्राणांवर प्राट फार छान काम करते. क आणि ख यांत स्फोटापासून (व्यंजन सुटते त्या क्षणापासून) स्वराचे कंपन सुरू होईपर्यंतचे अंतर सिलेक्ट केले की वेळ लगेच वर दिसते. क ला ती वीस-तीस मिलिसेकंदांच्या घरात, ख ला कितीतरी जास्त. घ, ध, भ यांना मात्र हे माप लावून उपयोग नाही, कारण कंपन स्फोटाच्या आधीच चालू असते. तिथे स्फोटानंतरच्या स्वरातला श्वासाळपणा पाहावा लागतो. ‘म्हातारी’चा म्हा आणि ‘माती’चा मा घ्या, स्वराच्या सुरुवातीला कर्सर ठेवा आणि ‘व्ह्यू स्पेक्ट्रल स्लाइस’ करा. म्हा मध्ये पहिला हार्मोनिक (मूळ कंपनाचा सुळका; पुढचे त्याच्या पटीत येतात) दुसऱ्याच्या तुलनेत जास्त उंच दिसायला हवा. तुलना माती शीच करायची, बाती शी नाही. अनुनासिकतेमुळेही खालच्या पट्टीतली ताकद वाढते आणि मग फुगवटा श्वासाचा की नाकाचा हे सांगता येत नाही.

पिचच्या निळ्या रेषेबद्दल एवढेच: वाक्याच्या शेवटी आवाज खरखरला की ती एकदम निम्म्यावर उतरते. ते बहुधा बोलणाऱ्याने केलेले नसते, मोजणीची चूक असते. व्यक्तीनुसार किमान-कमाल बांधून घ्या, पुरुषाला साधारण ७५ ते ३००, बाईला १०० ते ५००. शिवाय खिडकीत १० सेकंदांपेक्षा जास्त आवाज दिसत असेल तर रेषा उमटतच नाही. सॉफ्टवेअर बिघडलेले नसते, फक्त झूम करायचे.

टेक्स्टग्रिडमध्ये लेबले देवनागरीत लिहिता येतात, ही मोठी सोय. पण मूळ सेटिंगमध्ये अशी फाइल यूटीएफ-१६ या अक्षर-संकेतात जतन होते आणि पायथन किंवा आर या प्रोग्रामिंग भाषांत उघडताना अक्षरांचा खिचडा होतो. टेक्स्ट रायटिंगच्या पसंतीत जाऊन एकदाच यूटीएफ-८ निवडा.

शेकडो शब्द मोजायचे असतील तर स्क्रिप्टला (आपोआप चालणाऱ्या आज्ञांच्या यादीला) पर्याय नाही, आणि प्रोग्रामिंग येत नसेल तरी घाबरू नये. एका शब्दावर सगळे हाताने करा, मग नव्या स्क्रिप्टच्या खिडकीत ‘पेस्ट हिस्टरी’ करा. केलेली प्रत्येक आज्ञा लिहून येते, तिला लूपमध्ये, म्हणजे प्रत्येक शब्दासाठी पुन्हा चालेल अशा चक्रात, बसवायचे. पायथन येणाऱ्यांसाठी पार्सलमाउथ ही लायब्ररी प्राटचाच कोड चालवते.

व्हॉइस रिपोर्टमधले जिटर-शिमर (कंपनाच्या वेळेतली आणि जोरातली बारीक अस्थिरता) पाहून मात्र कुणाच्या गळ्याचे निदान करू नये. खोलीतला आवाज आणि माइकचा दर्जा यांनीच ते आकडे वर जातात, आणि चालू वाक्यावर ते मोजण्यात अर्थ नसतो. स्थिर ‘आ’ काही सेकंद धरायला लावा, सुरुवात-शेवट सोडून मधला भाग घ्या, आणि त्याच व्यक्तीच्या थेरपीआधीच्या व नंतरच्या रेकॉर्डिंगची तुलना एकाच माइकवर करा. अहवालात प्राटची आवृत्ती आणि पिच मोजण्याची पद्धतही लिहा. ६.४ पासून मूळ पद्धत बदललेली आहे, त्यामुळे जुन्या आणि नव्या आवृत्तीतले आकडे बाजूबाजूला ठेवण्याआधी दोन्ही रेकॉर्डिंग एकाच आवृत्तीत पुन्हा मोजावी लागतात.