शाई चांगली, पत्रक चुकलेलं : अंगुलीमुद्रांचा शालेय संच

विज्ञान प्रदर्शनं जवळ आली की जळगाव-धुळ्याकडच्या शालेय साहित्याच्या दुकानांत अंगुलीमुद्रांचा हा संच दिसू लागतो. काचेची पट्टी, रबरी रोलर, शाईची नळी, दहा बोटांची पत्रकं, काळी पावडर, ब्रश, चिकटपट्टी, भिंग, आणि लंडनचे पोलीस कमिशनर एडवर्ड हेन्री यांच्या कारकिर्दीवरची छोटी पुस्तिका. साडेचारशे रुपयांत सामान वाजवी आहे. घोळ आहे तो छापील कागदात.

शाई दाट आहे आणि लवकर वाळत नाही, हे चांगलं. काचेवर तुरीच्या दाण्याएवढीच घ्यावी आणि रोलर उभा-आडवा फिरवून अगदी पातळ थर करावा. थर जाड झाला की रेषांमधल्या खाचा भरतात आणि ठशाऐवजी नुसता डाग उमटतो. आपल्याकडे मे महिन्यात शाई आणखी पातळ होते, त्यात बोटांना घाम. म्हणून प्रत्येक बोट स्पिरिटनं पुसून लगेच टेकवावं. बोट नखाच्या एका कडेपासून दुसऱ्या कडेपर्यंत एकदाच फिरवायचं. अंगठा शरीराकडे, बाकीची बोटं शरीरापासून बाहेर; असं केलं की हाताचा पीळ सुटत जातो आणि ठसा फरफटत नाही. दाब द्यायचा नाही, दाबलं की रेषा चपट्या होतात.

रावेर-यावलकडे केळीच्या बागेत काम करणाऱ्यांच्या बोटांवर चिकाचा थर असतो. तो साबणानं जात नाही. आधी खोबरेल चोळावं, मग साबण, शेवटी स्पिरिट. पुस्तिकेत याचा उल्लेख नाही, आणि तो असेल अशी अपेक्षाही नाही.

पावडर बरी आहे, ब्रश मात्र राठ. काचेच्या ग्लासवर त्याचं फक्त टोक लागू द्यावं, रेषा दिसू लागल्या की त्यांच्याच दिशेनं फिरवावा. उन्हाळ्यात ठशातलं पाणी उडून जातं आणि पावडर धरत नाही, तेव्हा प्रात्यक्षिकासाठी ठसा ताजाच घ्या.

आता पत्रक. हेन्रींचं नाव राहिलं ते ठसे घेण्यामुळे नाही. बंगालमधले ब्रिटिश अधिकारी विल्यम हर्शेल यांनी 1858 मध्येच करारावर हाताचा ठसा घेतला होता. हजारो पत्रकांतून हवं ते पत्रक सापडायचं कसं, हा खरा प्रश्न होता. हेन्री 1891 मध्ये बंगालचे पोलीस महानिरीक्षक झाले. त्यांच्या हाताखालच्या अझीझुल हक आणि हेमचंद्र बोस यांनी वर्गीकरणाचं गणित बसवलं आणि 1897 मध्ये कलकत्त्यात अंगुलीमुद्रा केंद्र सुरू झालं. उजव्या अंगठ्यापासून 1 ते 5 आणि डाव्या अंगठ्यापासून 6 ते 10 असे बोटांना क्रमांक. बोटावर चक्र, म्हणजे गोल फिरणाऱ्या रेषांचा नमुना, असेल तरच गुण : बोटांच्या जोड्यांना (1-2, 3-4 अशा) क्रमानं 16, 8, 4, 2, 1. सम क्रमांकाच्या बोटांच्या गुणांची बेरीज अधिक 1 वर, विषम क्रमांकाच्या बोटांच्या गुणांची बेरीज अधिक 1 खाली. एकही चक्र नसेल तर 1/1, दहाही असतील तर 32/32. म्हणजे एकूण 1024 कप्पे.

संचातल्या पत्रकावर डाव्या हाताचे क्रमांक करंगळीपासून छापलेत. हाताच्या चित्राशी ते छान जुळतात, पण गणित बिघडतं. फक्त दोन्ही अंगठ्यांवर चक्र असेल तर उत्तर 5/17 यायला हवं. या पत्रकावर 2/17 येतं. पेनानं क्रमांक खोडून डाव्या अंगठ्याला 6 द्या आणि मगच झेरॉक्स काढा. खालच्या पट्टीत चारही बोटांचे एकत्र ठसे घ्यायला विसरू नका; वर बोटांची अदलाबदल झाली असेल तर ती तिथेच पकडली जाते.

पुस्तिकेचं नाव मोठं, पण तोल गेलेला. 1901 मध्ये हेन्री स्कॉटलंड यार्डला, म्हणजे लंडन पोलिसांच्या मुख्यालयात गेले, त्याच वर्षी तिथं अंगुलीमुद्रा विभाग उघडला, 1903 ते 1918 ते कमिशनर होते; एवढं बरोबर. 1912 मध्ये त्यांच्यावर झालेल्या गोळीबाराला दोन पानं दिलीत. ज्या पोलीस संपामुळे 1918 मध्ये त्यांना पद सोडावं लागलं, त्याला मात्र एक ओळ. हक आणि बोस यांचं नाव कुठंच नाही. बंगालमधल्या कामावर लिहायचं आणि तिथल्या माणसांना वगळायचं, हे जरा अतिच झालं. शिक्षकांनी ही दोन नावं फळ्यावर लिहून मगच पुस्तिका वाटावी.

भरलेली पत्रकं नावासकट प्रदर्शनात लावू नका. आधारशी जोडलेल्या बँकखात्यातून अंगठ्यावर पैसे निघतात आणि ठशांची नक्कल करून फसवणूक झाल्याची प्रकरणं घडलेली आहेत. क्रमांक घालून लावा, काम झालं की फाडून टाका.

नळी संपल्यावर सुटी शाई दुकानात मिळत नाही. छापखान्यातली काळी शाई चालते. शिक्क्याच्या पॅडची शाई वापरू नका, ती कागदात पसरते.